कान न झाकणारा पंथ

गुरुवार, रात्र

कथेतल्या पंथाला अजून नाव सापडलेलं नाही. तात्पुरतं वहीत ‘कानवाले’ लिहून ठेवलंय. चेंदणीच्या खाडीकाठी राहणारे, ऐकणं हीच साधना मानणारे लोक. सगळे माझ्या डोक्यातले, इतिहासात कुठेही नाहीत. हे आधीच नोंदवते, कारण आमच्या ठाण्यात एखादी गोष्ट दोन कट्ट्यांवर सांगितली गेली की तिची आख्यायिका व्हायला वेळ लागत नाही.

आज नियम लिहायला बसले. नेहमीचा ठरलेला मार्ग नको होता: गुहा, मौन, बारा वर्षांचं तप, आणि मग मुंगीच्या पायातले घुंगरू ऐकू येणं. सिद्धी मिळाली की कथा तिथेच संपते, पुढे नुसते चमत्कार उरतात.

नादाची साधना तशी आपल्याकडे आहेच. हठयोगप्रदीपिकेच्या चौथ्या अध्यायात स्वात्मारामाने क्रमच लावून दिलाय. कान बंद करायचे आणि उजव्या कानात आतून उठणारा नाद ऐकायचा. आधी समुद्र, मेघ, भेरी. मग मर्दल, शंख, घंटा. शेवटी किंकिणी, बासरी, वीणा, भुंगा. त्यातली एक सूचना मला फार आवडली: मेघासारखा मोठा नाद चालू असला तरी त्याच्यातलाच बारीक, त्याहून बारीक नाद शोधत जायचा. ही सूचना मी सरळ उचलली. पण कान बंद करणं मात्र माझ्या पंथात निषिद्ध. डोळ्यांना पापणी आहे, कानाला नाही. कानवाल्यांचं म्हणणं, नाही तर नाही, बोटांची पापणी लावायची नाही.

हा नियम ठाण्यात पाळून दाखवावा कुणीतरी. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री दहानंतर ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. आमच्या नौपाड्यातल्या खिडकीला हे बहुधा कुणी कळवलेलं नाही.

पहिला धडा काय द्यावा, यावर अडले होते. तो संध्याकाळी आत्याकडे मिळाला. ती तंबोरा लावत होती. मिरजेचा, जुना, भोपळ्याला एका बाजूला जोड दिलेला. घोडीवर तारेखाली सुताचा धागा इकडे-तिकडे सरकवत होती. जवारी, म्हणजे तारेची ती घुमणारी झणकार, उघडली तसा आवाज एकदम भरला.

“ऐक. गंधार येतोय का?”

“तू गंधार लावलासच कुठे? पंचम, दोन षड्ज आणि खर्ज.”

“म्हणून तर विचारतेय.”

आधी काहीच नाही. मग खर्जाची तार वाजून विरायला लागली तशी तिच्या वरच्या अंगाला तो दिसला, म्हणजे ऐकू आला; आणि एकदा आल्यावर जाईना. गाणारे त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. तार नुसती मूळ स्वराने हलत नाही. दुप्पट, तिप्पट, चौपट, पाचपट वेगाची कंपनंही तिच्यात असतात, आणि पाचपटीचं कंपन नेमकं गंधाराच्या जागी पडतं. म्हणजे तो सुरुवातीपासून होताच. हाच पहिला धडा. कुणी न छेडलेला स्वर ऐकू येईपर्यंत शिष्याला दुसरं काही शिकवायचं नाही. गुहेची गरजच नाही, तंबोरा भर चौकात लावला तरी चालेल.

मधल्या प्रकरणासाठी १६ एप्रिल १८५३ पक्का केलाय. बोरीबंदरहून पहिली गाडी ठाण्याला आली तो दिवस. सगळं गाव धूर बघायला जमलंय आणि एक कानवाली पोर रुळाला कान लावून बसलीय. हवेत आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो, पोलादात पाच हजारांच्या आसपास; लोखंडी रुळातही काही कमी नाही. पण तिला गाडी कोसभरावरून ऐकवायचा मोह टाळलाय. तेव्हाचे रूळ म्हणजे जोडलेले तुकडे, प्रत्येक सांध्यात आवाज गळणार. गर्दीच्या थोडंसं आधी कळलं तरी पुरे. तिने कुणाला सांगायचं नाही, एवढंच ठरलंय. का नाही सांगत, ते तिचं ती बघेल.

अडकलेय ती गुरूपाशी. वय वाढलं की आधी उंच, बारीक आवाज जातात. कानातल्या शंखाच्या तोंडाशीच त्यांच्या केसपेशी असतात, आणि माणसाच्या त्या पेशी गेल्या की पुन्हा उगवत नाहीत. मी नियम केला होता: रातकिडे ऐकू यायचे थांबले की गुरूने गादी सोडायची. आत्याला वाचून दाखवला.

“अगं, हे काय सरकारी नोकरी आहे का, निवृत्तीचं वय ठरवायला?” ती म्हणाली. “मला आता तार सप्तकातलं धड कळत नाही. म्हणून क्लास बंद करू? पोरगी गाते तेव्हा तिचा श्वास कुठे तुटतो ते मला आता जास्त कळतं.”

पटलं, पण पूर्ण नाही. ऐकू येत नाही हे लपवणारे गुरूही असणारच, आणि कथा खरं तर त्यांचीच आहे. तेव्हा नियम तसाच ठेवलाय. तो मोडणारा म्हातारा उद्या लिहायला घेते. त्याला आत्याचं वाक्य देणार आहे. तिला विचारून.