हेलसिंकीत एक दिवस, दोन चर्च

मार्चमध्ये हेलसिंकीत एकच दिवस मोकळा मिळाला, तो मी या दोन चर्चसाठी ठेवला आणि बरं झालं ठेवला.

आधी ओटानिएमीचं चॅपेल, म्हणजे छोटं चर्च. हे शेजारच्या एस्पो शहरात येतं, मेट्रोनं आल्टो युनिव्हर्सिटी स्टेशनला उतरायचं, एबी झोनचं तिकीट चालतं पण ते चढायच्या आधीच काढा. पुढे पाइनच्या झाडांतून चालत गेलं की विटांची साधी भिंत दिसते आणि चॅपेल कुठाय म्हणून आपण शोधत राहतो, तर तेच चॅपेल! काइया आणि हेइक्की सिरेन या नवरा-बायकोचं डिझाइन, १९५७ चं. १९७६ मध्ये ते जळालं, १९७८ मध्ये परत उभं केलं. आत वीट आणि लाकूड, आणि वेदीमागची अख्खी भिंत काचेची. क्रॉस बाहेर, झाडांमध्ये. मी बसले होते तेव्हा भुरभुर बर्फ सुरू झाला आणि क्रॉसच्या आडव्या दांडीवर पांढरी रेघ हळूहळू जाड होत गेली, पाऊण तास मी तेवढंच बघत होते. सजवायचं काम जंगलावर सोपवायला केवढा विश्वास लागत असेल!

जवळच दिपोली ही इमारत आहे (पिएतिला दांपत्याचं डिझाइन, १९६६), पायाच्या खोदकामात निघालेले मोठे धोंडे तिथेच वापरलेत, बाहेरून चक्कर मारा.

दुपारी टेम्पेलिआउकिओ चर्च, हेलसिंकीतल्या काम्पी मेट्रो स्टेशनहून दहा-बारा मिनिटं चालत. सुओमालाइनेन बंधूंनी खडक खोदून केलेलं, १९६९ चं. भिंती म्हणजे सुरुंगाने फोडलेला ग्रॅनाइट, तसाच खडबडीत. तो झाकला नाही कारण आवाज त्यात सुंदर घुमतो. वर तांब्याचा घुमट, त्याच्याभोवती काचांचं कडं, तिथून उजेड दगडावर उतरतो. खडकाच्या भेगांतून पाणी झिरपतं, ते वाहून जायची सोयही केलीये. आत आल्या आल्या फोटो काढून निघू नका, मागच्या बाकावर बसा आणि उजेड सरकताना बघा.

टेम्पेलिआउकिओला तिकीट आहे. दोन्हीकडे प्रार्थना, लग्नं चालू असतात, तेव्हा नुसतं बघायला जाता येत नाही, म्हणून आदल्या रात्री वेळा तपासाच. डिसेंबरात जाणार असाल तर दिवस जेमतेम सहा तासांचा, चॅपेल सकाळी अकराच्या सुमारास गाठा, अंधारात ती काच नुसतीच काळी दिसेल. आणि बूट चांगल्या ग्रिपचे घाला, चॅपेलच्या वाटेवर बर्फाखाली निसरडं असतं.