शाओ-कांगची मान

सकाळपासून गळ्यात पट्टा आहे. जाड, तपकिरी, वेल्क्रोचा, हनुवटी वर उचलून धरणारा. नजरेतून सुटावी अशी ती वस्तू नाही. तो लावूनच मी चहा केला, दूधवाल्याचा हिशेब मिटवला, सुधीरला डबा भरून दिला. संध्याकाळी तो आला, टीव्हीवरच्या बातम्या झाल्या, जेवायला बसलो, आणि आमटी वाढून घेता घेता म्हणाला, "हे काय गं गळ्यात?"

बस, एवढंच. मी "पट्टा" म्हटलं आणि लोणच्याची बरणी पुढे सरकवली.

आता साडेअकरा वाजून गेलेत. उशी न घेता झोपायचं असं डॉक्टरांचं फर्मान आहे, म्हणजे झोप येणार नाहीच, आणि डोक्यात तेच फिरतंय. सकाळी दिसला नाही? की दिसला आणि विचारावंसं वाटलं नाही? यातलं कोणतं जास्त वाईट, हे काही ठरत नाही. आईंना मात्र दिसला होता. त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन व्हायचंय अजून.

मान खाली घालायची नाही, त्यामुळे वाचन बंद. स्क्रीन डोळ्यांच्या रेषेत ठेवून काय ते बघा, असं सांगितल्यावर मी मनूने दिलेली हार्डडिस्क काढली आणि तैवानचा त्साय मिंग-लियांग पहिल्यापासून बघायला घेतला. मानदुखीला याच्याइतका सोयीचा दिग्दर्शक नाही. कॅमेरा एका जागी ठेवलेला, माणसं एका जागी बसलेली, एक शॉट पाच-पाच मिनिटं. मान वळवायचं काही कारणच पडत नाही. परवा 'गुडबाय, ड्रॅगन इन'मध्ये शो संपून रिकामं झालेलं थिएटर आलं. नुसत्या खुर्च्या, कोणी नाही, आणि शॉट काही केल्या संपत नाही. आई शेजारी जप करत बसल्या होत्या. म्हणाल्या, "अडकलं का गं हे?"

पण मला आज लिहायचंय ते 'द रिव्हर'बद्दल. म्हणजे त्यातल्या मानेबद्दल.

यातला नायक शाओ-कांग. त्याला रस्त्यात जुनी मैत्रीण भेटते, ती त्याला एका शूटिंगवर घेऊन जाते. तिथे प्रेताचा पुतळा पाण्यावर नीट तरंगत नसतो म्हणून दिग्दर्शिका (ती अॅन हुई आहे, खरीखुरी हाँगकाँगची दिग्दर्शिका) याला म्हणते, तू तरंगशील का? हा तानशुई नदीच्या त्या घाण पाण्यात पालथा पडून राहतो. आणि मग मान धरते. वाकडीच होते. सुया टोचून होतात, हाडं मोडणाऱ्याकडे जाऊन येतात, देवऋषी होतो, काही उपयोग नाही. मोटरसायकलवर वडील मागे बसून मुलाची मान हाताने सरळ धरून ठेवतात, ते पाहताना पहिल्यांदा मला हसू आलं होतं. परवा आलं नाही. शेवटी त्या अंधाऱ्या खोलीत बापलेकांचं जे होतं त्याबद्दल इथे नको.

तर ही मान खरी आहे. शाओ-कांगचं काम करणाऱ्या ली कांग-शेंगची. 1992 च्या 'रिबेल्स ऑफ द निऑन गॉड'नंतर त्याला खरंच मानेचं दुखणं लागलं, कितीतरी महिने ते हटेना. त्सायने ते पाहिलं आणि त्यावर सिनेमा लिहिला. 1997 मध्ये त्या सिनेमाला बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वल मिळालं. इथपर्यंत ठीक. कोणीही म्हणेल, कलावंत काय, मित्राच्या दुखण्यावरही सिनेमा काढतात. पण मग 2020 मध्ये 'डेज' येतो. तेवीस वर्षांनी. तोच ली, आता पन्नाशी ओलांडलेला, चेहरा थोडा सुजलेला, आणि परत मान. परत दुखतेय, परत खरी. पाठीवर उपचार चालू आहेत, सुयांवर काहीतरी धुमसतंय, राख सांडतेय, आणि कॅमेरा बघतोय. मग हाँगकाँगच्या गर्दीतून तो मान सावरत चालतो. त्यातलं बरंचसं चित्रण सिनेमा करायचा असं काही ठरायच्या आधीचं आहे. याचं दुखतंय, म्हणून त्साय नुसता ते टिपत होता.

हे परवा रात्री कळलं आणि आज सुधीरने आमटी वाढून घेताना विचारलं. वेळ जुळून आली म्हणायची.

त्सायने लीला तैपेईत व्हिडिओ गेमच्या दुकानाबाहेर पाहिलं. 1991 सालची गोष्ट, टीव्हीसाठी एक फिल्म करायची होती, खंडणी मागणारा पोरगा हवा होता. हा मुलगा नट नव्हता. काम सुरू झाल्यावर त्सायची चिडचिड व्हायला लागली, कारण मुलगा फार संथ. मान वळवायला वेळ, पापणी मिटायला वेळ. जरा नेहमीसारखं कर ना, असं सांगून झालं, तर मुलाचं म्हणणं की मी नेहमीच असा आहे. यावर दुसऱ्याने मुलगा बदलला असता. त्सायने मुलगा ठेवला आणि आपला सिनेमा बदलला. जगभर ज्याला 'स्लो सिनेमा' म्हणतात, समीक्षक काळ आणि अवकाश वगैरे लिहितात, त्यातल्या एका मोठ्या माणसाच्या शैलीचं मूळ हे आहे, की एक मुलगा हळू मान वळवत होता आणि दुसऱ्याने थांबून ते बघायचं ठरवलं.

मला याचा हेवा वाटतोय. सरळ सांगते. तैवानमधल्या एका पुरुषाचा हेवा, ज्याच्याकडे कोणीतरी तीस वर्षं बघत बसलंय.

कारण बघाच ना. 'व्हिव्ह लामूर'मध्ये हा अस्थी ठेवायचे कोनाडे विकतो, रिकाम्या फ्लॅटमध्ये चोरून राहतो, कलिंगडाचा मुका घेतो. 'व्हॉट टाइम इज इट देअर?'मध्ये तैपेई स्टेशनजवळच्या पादचारी पुलावर घड्याळं विकतो, एक मुलगी पॅरिसला जाते तर हा शहरातली सापडतील ती घड्याळं पॅरिसच्या वेळेवर लावत सुटतो. त्या सिनेमाच्या शेवटी अर्पणपत्रिका आहे, त्सायच्या वडिलांना आणि शाओ-कांगच्या, म्हणजे लीच्या, वडिलांना. लीचे वडील खरंच गेले होते, त्सायने तेही पाहिलं होतं. 'स्ट्रे डॉग्ज'मध्ये हा फ्लॅटच्या जाहिरातीची पाटी धरून चौकात वाऱ्यापावसात उभा आहे, दोन पोरं आहेत, घर नाही. रात्री पोरांनी नाकडोळे काढलेल्या कोबीच्या गड्ड्यावर उशी दाबतो, मग तो कोबी कच्चाच खातो आणि रडतो. कोबी खाऊन कोणी रडवू शकेल असं मला वाटलं नव्हतं. लीला त्यासाठी 2013 चा गोल्डन हॉर्स हा तैवानचा सिनेपुरस्कार मिळाला, उत्कृष्ट अभिनेता. इतक्या वर्षांनी. आधी नुसतं त्सायला दिसत होतं ते बाकीच्यांना दिसायला तेवढा वेळ लागला.

त्साय मुळात तैवानचा नाहीच. 1957 चा जन्म, सारावाकमधल्या कुचिंगचा, मलेशियातला. लहानपणी आजी-आजोबांकडे असायचा, ते त्याला सिनेमाला न्यायचे. विशीत तैपेईला शिकायला आला आणि राहिला. बाहेरून आलेल्या माणसाला शहरातलं काय दिसतं, गळकी छतं, लिफ्ट, लॉज, रात्रीचे रिकामे रस्ते. 1994 ला 'व्हिव्ह लामूर'ला व्हेनिसच्या महोत्सवात सुवर्णसिंह मिळाला (एका मॅसिडोनियन सिनेमाबरोबर विभागून), पण तैवानमध्ये तिकिटं खपेनात. तर हा गडी लीला घेऊन रस्त्यावर उभा राहून आपल्या सिनेमाची तिकिटं विकायचा. हे मला फार आवडतं. याच्याबद्दल स्वतंत्र लिहायला हवं, आज नको.

'व्हिव्ह लामूर'च्या शेवटी त्यातली नटी यांग क्वेई-मेई तैपेईच्या दाआन पार्कमधून चालत येते. पार्क अजून तयार व्हायचंय, नुसता चिखल आणि खुरटी झाडं. बाकावर बसते आणि रडायला लागते. सहा एक मिनिटं. मध्ये थांबते, सिगारेट पेटवते, आता झालं असं वाटतं, परत रडते. का रडते ते कोणी सांगत नाही. आज दुपारी ते परत लावलं होतं. आधी वाईट वाटलं, मग कंटाळा आला, मग तिच्या नाकाकडे लक्ष गेलं, ते लाल झालं होतं, मग परत वाईट वाटलं. तिच्याकडेही कोणी बघत नाहीये. पुढच्या बाकावर एक म्हातारा पेपर वाचतोय. सुधीरच तो.

इथपर्यंत लिहिलं आणि साहेब स्वतःच उगवले. हातात गरम पाण्याची पिशवी. "झोपली नाहीस? हे घे. आणि तू खुर्चीवर अशी का बसलीस? पाठ टेकव. स्पॉन्डिलायटिस आहे का? एक्सरे काढला? मी ऑफिसात विचारतो, त्या अमक्याच्या बायकोला असंच झालं होतं, तिला हात वर करता येईना." पिशवी इतकी तापलेली की मी टुणकन उठले. मग त्याने मोबाइलवर मानेचे व्यायाम दाखवले, स्वतः करून दाखवले, बनियनवर, मध्यरात्री, डावीकडे उजवीकडे. पट्टा किती घट्ट आहे ते बोट घालून पाहिलं. म्हणाला, उलटा लावलाय बहुतेक. उलटा नाहीये. मग सुलट करून दिला, तो आता उलटा आहे.

आणि मला वाटत काय होतं, तर जा बाबा आता, झोप.

म्हणजे मला हवंय तरी काय? त्सायचा 'आफ्टरनून' नावाचा सिनेमा आहे, 2015 चा. दोन खुर्च्या, पडक्या घराची खोली, खिडक्यांतून हिरवं रान. एका खुर्चीत त्साय, दुसरीत ली, दोन तासांहून जास्त वेळ नुसत्या गप्पा. गप्पा तरी कसल्या, त्सायच बोलतो. आपल्या मरणाबद्दल, लीबद्दल, तू नसतास तर मी सिनेमा केला नसता असलं काय काय, डोळ्यांत पाणी येतं त्याच्या. आणि ली सिगारेट ओढत बसतो, हं म्हणतो, खिडकीकडे बघतो. मनूबरोबर तो पाहिला तेव्हा मला लीचा राग आला होता. एवढं प्रेमाने कोणी बोलतंय, तोंड उघड की. आज जरा वेगळं वाटतं. तीस वर्षं एक माणूस तुमच्याकडे बघतोय, तुम्ही आजारी पडलात की कॅमेरा काढतोय, तुमचा बाप गेला की सिनेमा, मान धरली की सिनेमा. त्यालाही कधी वाटलं असेल, जा बाबा. किंवा नसेलही. त्याचं त्यालाच माहीत, तो बोलतो कुठे. बिचाऱ्याने स्वतःही दोन सिनेमे दिग्दर्शित केले, ते मात्र कोणाला फारसे आठवत नाहीत.

सध्या तर त्साय त्याला नुसता चालवतोय. 2012 पासून 'वॉकर'ची मालिका चालू आहे. ली लाल कफनी घालून, मुंडण करून, अनवाणी, एक पाऊल उचलून टेकवायला जीव जाईल इतक्या संथ चालतो. हाँगकाँगला चालला, तोक्योला चालला, मार्सेयला चालला, 2024 मध्ये वॉशिंग्टनलाही चालून झाला. हा चालणारा भिक्खू म्हणजे आपल्या इतिहासाच्या पुस्तकातला युआन श्वांग. सातव्या शतकात चीनहून पायी आला, पार पुलकेशीच्या राज्यापर्यंत. इथल्या लोकांबद्दल त्याने लिहून ठेवलंय की हे उपकार विसरत नाहीत आणि कोणी अपमान केला तर सूड घेतल्याशिवाय राहत नाहीत. चौदाशे वर्षांपूर्वी येऊन त्याने माझं इतकं अचूक वर्णन कसं केलं देव जाणे. गरम पिशवीचा उपकार लक्षात ठेवला आहे. आमटीचंही ठेवलं आहे.

'डेज'च्या सुरुवातीला एक पाटी येते, या सिनेमाला मुद्दाम सबटायटल्स दिलेली नाहीत. आमच्या जेवणाच्या टेबलावर तशी एक लावून टाकावी. त्यात ली आणि लाओसचा एक तरुण हॉटेलच्या खोलीत भेटतात, मालीश वगैरे, नंतर ली त्याला एक छोटी म्युझिक बॉक्स देतो. चॅप्लिनच्या 'लाइमलाइट'ची धून. दोघं पलंगावर शेजारी बसून ती ऐकतात. मग खाली जाऊन जेवतात आणि आपापल्या वाटेने जातात. ओळख एका रात्रीची. मला वाटतं सुधीर आणि मी असे शेजारी बसून काही ऐकल्याला... जाऊ दे. आमचं चाललंय ते ठीकच चाललंय. त्याला पट्टा संध्याकाळी दिसला, तर संध्याकाळी. दिवसातून एकदा बघितलं तरी इतक्या वर्षांत बरंच बघून झालं असणार, आणि अनवाणी तर चालायला लावलं नाही.

जाताना विचारत होता, उद्या काय बघणार. 'द होल' म्हटलं. 1998 चा आहे, सहस्रक संपत आलंय, साथ पसरलीय, पाऊस थांबत नाही, वरच्या मजल्यावर ली, खालच्या मजल्यावर यांग क्वेई-मेई, आणि प्लंबर मधल्या स्लॅबला भोक पाडून निघून जातो. आईंना मी सांगून ठेवलंय की यात गाणी आहेत, ग्रेस चांग या जुन्या गायिकेची, झकपक कपडे, नाच, अगदी जुन्या सिनेमांसारखं. त्या बसणार आहेत. पावसाचं आणि झुरळांचं सांगितलेलं नाही.

सुधीर म्हणाला, वरून गळती? मग मीपण बसतो. सोसायटीचा सेक्रेटरी ना तो. विचारत होता, शेवटी दुरुस्तीचा खर्च कोण देतं, वरचा का खालची? मी म्हटलं, बघ ना उद्या.