दिवा खिडकीबाहेर किती लांब?

माहितीपट, मग मालिका, मग सिनेमा: कॅमेरामनचा हा प्रवास बढतीसारखा वर वर जातो असा एक समज आहे. मला तो पटत नाही. तिन्हीकडे उजेडाचं गणित वेगळं असतं आणि एकीकडे लागलेली सवय दुसरीकडे नडते.

माहितीपटात दिवे लावायला वेळ नसतो, शिवाय दिव्यांसमोर माणूस अवघडतो. म्हणून आधी खिडकी शोधायची, माणसाला तिच्या बाजूला बसवायचं आणि घरातली ट्यूबलाइट बंद करायची. नाहीतर एका गालावर निळसर, दुसऱ्यावर हिरवट छटा येते आणि ती ग्रेडिंगमध्ये, म्हणजे नंतरच्या रंगदुरुस्तीत, नीट जात नाही. बाहेर भर उन्हात आयएसओ (कॅमेऱ्याची संवेदनशीलता) ८०० आणि शटर १/५० सेकंद ठेवलं, तर एफ ५.६ एवढ्या लेन्सच्या छिद्रासाठीसुद्धा सात स्टॉपचा एनडी, म्हणजे उजेड कमी करणारा काळसर फिल्टर, लागतो; एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा. फिरवून कमी-जास्त करता येणारा स्वस्त व्हेरिएबल एनडी शेवटपर्यंत फिरवला की वाइड लेन्सवर काळी फुली उमटते. फिल्टर इन्फ्रारेड अडवत नसेल तर काळं सिंथेटिक कापड तपकिरी दिसतं.

मालिकेत रोज वीस-बावीस मिनिटांचा भाग द्यायचा असतो. दोन-तीन कॅमेरे एकदम चालतात, त्यामुळे एका कॅमेऱ्याला देखणा वाटणारा उजेड समोरच्या कॅमेऱ्यात सपाट पडतो. मग वरून मऊ उजेड पसरायचा आणि चेहऱ्याच्या दोन बाजूंमध्ये फार तर २:१ फरक ठेवायचा. याला नावं ठेवणं सोपं आहे, पण नायिकेचे डोळे सावलीत गेले की चॅनलवरून फोन येतो, हेही खरं.

सिनेमात आल्यावर हीच माणसं प्रत्येक नटासाठी वेगळा दिवा मागतात, आणि घोळ तिथे होतो. समजा, दिवा असा जवळ आहे आणि नट त्याच्यापासून एक, दोन आणि तीन मीटरवर उभे आहेत. पहिल्याच्या तुलनेत दुसऱ्यावर एक चतुर्थांश आणि तिसऱ्यावर एक नवमांश उजेड पडेल, म्हणजे तीन स्टॉपांहून जास्त घसरण. नट एक पाऊल पुढे आला की एक्सपोजर गेलं. आता दिवा खिडकीबाहेर मागे न्या, असा की अंतरं सहा, सात आणि आठ मीटर होतील. पहिल्या आणि तिसऱ्या नटात एक स्टॉपचाही फरक उरत नाही आणि सगळे खोलीभर मोकळे फिरू शकतात. मात्र तेवढाच उजेड हवा असेल तर छत्तीसपट ताकद लागते. जनरेटर व्हॅनचं भाडं निर्मात्याला समजावताना हेच गणित मांडावं.

ब्रिटनचे कॅमेरामन क्रिस मेंगेस ग्रॅनाडा टेलिव्हिजनच्या ‘वर्ल्ड इन ॲक्शन’साठी जगभर माहितीपट चित्रित करत होते. १९६९च्या ‘केस’ या सिनेमात दिग्दर्शक केन लोच आणि त्यांनी तीच शिस्त ठेवली: कॅमेरा लांब, लेन्स मोठी, उजेड खोलीला द्यायचा, नटाला नाही. पुढे ‘द किलिंग फील्ड्स’ आणि ‘द मिशन’साठी त्यांना ऑस्कर मिळाले. माहितीपटातली टिकवावी अशी सवय कोणती, तर ही.

सोडायची सवय म्हणजे सूर्याच्या मागे धावणं. सूर्य तासाला पंधरा अंश सरकतो आणि सिनेमातला एक प्रसंग चार तास चालू शकतो. म्हणून सूर्य नटांच्या पाठीमागे असताना वाइड शॉट आधी उरकायचे आणि क्लोज-अप नंतर स्कीमरखाली, म्हणजे ऊन मऊ करणाऱ्या ताणलेल्या कापडाखाली, घ्यायचे. नट हलेल तसा लेन्सचा फोकस सांभाळणाऱ्या फोकस पुलरचाही विचार करा: सुपर ३५ मापाच्या सेन्सरवर ५० मिमी लेन्स, एफ २.८ आणि नट दीड मीटरवर, तर स्पष्ट पट्टा जेमतेम १२ सेंटीमीटरचा.

आणखी एक, टीव्हीकडून येणारे हमखास विसरतात ते. मालिका सेकंदाला २५ फ्रेमवर चालते, तिथे १८० अंशांचं शटर (शटर अंशांतही मोजतात) १/५० सेकंद होतं आणि आपल्या ५० हर्ट्झच्या विजेशी जुळतं. सिनेमा २४ फ्रेमवर असतो, तिथे शटर १७२.८ अंशांवर, म्हणजे पुन्हा १/५० सेकंदावर, आणा, नाहीतर ट्यूबलाइट लपलपताना दिसेल. डिमरवरचे स्वस्त एलईडी तरीही लपलपू शकतात. त्यांचा डिमर पूर्ण उघडून उजेड दिव्यासमोर जाळी लावून कमी करा, किंवा सरळ बल्ब बदला.