जिजाईला बोलती करणारा लेखक

स्मरणिकेसाठी आठवणी पाठवा, असं संपादक मंडळाने कळवलं. मराठीच्या तासाला तुकोबांचे अभंग आपण सगळ्यांनीच पाठ केले, म्हणून मी इथे शिवराम वाशीकरांची आठवण करून देतो. प्रभात फिल्म कंपनीच्या 'संत तुकाराम'ची (1936) कथा-पटकथा त्यांची. 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. दिग्दर्शक दामले-फत्तेलाल आणि तुकारामांची भूमिका करणारे विष्णुपंत पागनीस ही नावं सर्वांना ठाऊक असतात, वाशीकरांचं नाव मात्र श्रेयनामावलीतच राहून जातं.

संतपट लिहिताना मुख्य अडचण ही, की नायक बदलत नाही. सुरुवातीला विरक्त, शेवटीही विरक्त. मग गोष्ट पुढे न्यायची कुणी? बहुतेक लेखक इथे चमत्कारांची रांग लावतात आणि तिसऱ्या चमत्काराला प्रेक्षक सैलावतो, कारण त्या चमत्काराची गरज पडद्यावर कुणालाच भासलेली नसते. वाशीकरांनी ती गरज आधी उभी केली आणि तिचा भार भोवतालच्या माणसांवर टाकला.

सालोमालोचंच बघा. गाथेतल्या एका अभंगात त्याचा उल्लेख येतो. तेवढ्या धाग्यावरून वाशीकरांनी अख्खा खलनायक विणला. सुरुवातीलाच तुकाराम डोळे मिटून, जागचे न हलता 'पांडुरंग ध्यानी, पांडुरंग मनी' गातात. लगेच देवळात सालोमालो तीच रचना आपल्या नावावर खपवत, हातवारे करत, नाटकी थाटात म्हणतो. शब्द तेच, पण भक्ती कुठली आणि देखावा कुठला, हे सांगायला एकही संवाद लागत नाही.

पण खरी कमाल जिजाईची, म्हणजे तुकोबांच्या बायकोची. परंपरेने तिला कजाग ठरवून टाकलं होतं. वाशीकरांनी तिला घरखर्चाचा हिशेब दिला आणि रोखठोक बोली दिली. मूल आजारी, घरात दाणा नाही. ही बाई एका हाताने पोराला ओढत, दुसऱ्या हातात वहाण घेऊन विठोबाला जाब विचारायला देवळात शिरते. हा प्रसंग देवनिंदेचा वाटला असता तर चित्रपट तिथेच कोसळला असता. तो तरतो, कारण त्याआधी तिचे कष्ट आपण पाहिलेले असतात आणि तिचं म्हणणं पटलेलं असतं. गौरीबाईंनी ती भूमिका अशी केली, की अभिनय चाललाय हे जाणवतच नाही.

गाण्यांनाही कथेत काम आहे. एका जागी प्रसंगाला नेमका बसेल असा अभंग गाथेत मिळेना, तेव्हा शांताराम आठवल्यांनी 'आधी बीज एकले' लिहिलं. आजही अनेकजण ते तुकोबांचंच समजतात. पटकथेत जागा इतकी नेमकी आखलेली असल्याशिवाय असं गीत लिहून होत नाही.

पुढे 'संत ज्ञानेश्वर' (1940) आणि 'रामशास्त्री' (1944) याही पटकथा वाशीकरांच्याच. शाळेत चित्रपट मंडळ असेल, तर 'संत तुकाराम'पासून सुरुवात करा. पहिल्यांदा नुसता पाहा. दुसऱ्यांदा वही घेऊन बसा आणि प्रत्येक प्रसंगापुढे लिहा : इथे कुणाला काय हवंय, आणि आड कोण येतंय? तुकारामांपेक्षा जिजाईच्या नावापुढच्या नोंदी जास्त भरतील.

— एक माजी विद्यार्थी