एकच माणूस, दोन तक्ते

रुग्ण येण्याआधी त्याचे जुने कागद वाचायचे, हा आमच्या कामातला नेम. बहुतेकदा ते चाळून बाजूला ठेवले तरी चालतं. या गृहस्थांचा कागद मात्र मी पुन्हा पुन्हा वाचला. एनएफएलमध्ये, म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगमध्ये, बरेच हंगाम डिफेन्सिव्ह एंड म्हणून खेळलेले, आता पन्नाशी ओलांडलेले, कृष्णवर्णीय. दुसऱ्या राज्यातल्या एका दवाखान्याने काही वर्षांपूर्वी त्यांची स्मरणशक्ती तपासून ‘वयाच्या मानाने ठीक’ असा निष्कर्ष दिला होता. त्यांच्या पत्नी मात्र फोनवर सांगत होत्या की रोजच्या रस्त्यावर ते वाट चुकतात आणि घराचा हप्ता एकाच महिन्यात दोनदा भरतात.

मी अमेरिकेत न्यूरोसायकॉलॉजिस्ट आहे. स्कॅनमध्ये मेंदू कसा दिसतो हे कळतं. तो काम कसं करतो हे आम्ही कागद, पेन्सिल, ठोकळे आणि घड्याळ घेऊन मोजतो.

डिफेन्सिव्ह एंड काय करतो हे आपल्याकडे फारसं माहीत नसतं. एक हात जमिनीला टेकवून वाकायचं आणि चेंडू हलला की समोरच्या सव्वाशे-दीडशे किलोच्या गड्यावर झेप घ्यायची. डोकं सगळ्यात पुढे. त्याला रेटून क्वार्टरबॅकपर्यंत, म्हणजे समोरच्या संघाचा डाव चालवणाऱ्या, चेंडू फेकणाऱ्या खेळाडूपर्यंत पोचायचं, आणि तो आडवा पडला की काही सेकंदांत पुन्हा हात टेकून तयार व्हायचं. क्वार्टरबॅकला चेंडूसकट पाडलं तर ती सॅक. १९८२पासून प्रत्येक सॅकची अधिकृत नोंद आहे. डोक्याला बसलेल्या धडकांची नोंद त्यांच्या काळात कुणीही ठेवली नाही.

“कंकशन किती वेळा झालं?” मी विचारलं. कंकशन म्हणजे डोक्याला मार लागून मेंदूला बसलेला हादरा.

“दोनदा.”

मैदानाबाहेर न्यावं लागलं तेवढ्याच वेळा त्यांनी मोजल्या होत्या. डोळ्यांपुढे काजवे चमकायचे ते किती वेळा, असं विचारल्यावर ते गोंधळले. “ते मोजायचं असतं?”

तपासणीला जेवणाची सुट्टी धरून जवळजवळ सगळा दिवस गेला. माणूस मन लावून करतोय की मुद्दाम चुकतोय, हे ओळखायच्या चाचण्या आम्ही मध्येमध्ये पेरतो. त्या कशा असतात ते इथे लिहिता येणार नाही, पण या गृहस्थांनी त्या सगळ्या स्वच्छ पार केल्या. ऐकवलेल्या शब्दांची यादी मात्र अर्ध्या तासात जवळजवळ पुसली गेली होती. सुट्टीत मी सहज खेळाचा विषय काढला, तर तीस वर्षांपूर्वीचे डावपेच घडाघडा बाहेर आले: कुठला इशारा झाला की कुणी कुठे सरकायचं, आपण आतून जायचं की बाहेरून. हातापायांत मुरलेलं ज्ञान बराच काळ टिकतं. घरची माणसं यानेच फसतात. डॉक्टरही फसतात, आणि त्याची मला जास्त चीड येते.

मला सगळ्यात महत्त्वाची वाटली ती वाचनाची छोटी चाचणी. इंग्रजीत स्पेलिंग एक आणि उच्चार भलताच, असे शब्द मोठ्याने वाचायचे. हे कौशल्य एकदा आलं की आजारातही बराच काळ शाबूत राहतं, म्हणून माणूस मुळात किती हुशार होता याचा अंदाज त्यावरून येतो. त्यांचं वाचन सरासरीपेक्षा चांगलं होतं. म्हणजे ते वरून खाली आले होते, चांगलेच खाली.

मग जुन्या अहवालात ‘ठीक’ कसं? शेवटच्या पानावर कच्चे गुण दिले होते. कच्च्या गुणांना स्वतःचा अर्थ नसतो. ते तुमच्यासारख्या माणसांच्या तक्त्याशी ताडून प्रमाणित गुण काढतात. त्यात पन्नास म्हणजे सरासरी, चाळिशीच्या खाली गेलं की काळजी. स्मरणाच्या एका चाचणीचे तेच कच्चे गुण मी २००४ साली आलेल्या तक्त्यांत दोन्हीकडे पाहिले. गोऱ्यांच्या तक्त्यात छत्तीस. कृष्णवर्णीयांच्या तक्त्यात सरासरीच खाली धरलेली, म्हणून तिथे त्रेचाळीस. आधीच्या दवाखान्याने दुसरा आकडा घेतला होता.

हे तक्ते करणाऱ्यांचा हेतू वाईट नव्हता. वाईट शाळांत शिकलेल्या, निरोगी माणसाच्या कपाळी आजाराचा शिक्का बसू नये म्हणून ते आले. पण ज्याचा मेंदू खरोखर ढासळतोय, त्याला तोच तक्ता निरोगी ठरवतो. डोक्याला बसलेल्या मारापायी एनएफएलच्या निवृत्त खेळाडूंना द्यायच्या नुकसानभरपाईची तडजोड फिलाडेल्फियाच्या न्यायालयाने २०१५ साली मंजूर केली. त्यातल्या डिमेन्शियाच्या दाव्यांमध्येही असे तक्ते वापरले जात. पिट्सबर्ग स्टीलर्स या संघाकडून डिफेन्सिव्ह लाइनमध्ये खेळलेले केव्हिन हेन्री आणि रनिंग बॅक नाजेह डेव्हनपोर्ट ऑगस्ट २०२०मध्ये न्यायालयात गेले, तेव्हा हे चव्हाट्यावर आलं. वंशाचा निकष काढून टाकायला न्यायालयाची मंजुरी मिळाली मार्च २०२२मध्ये. इतकी वर्षं आमच्या व्यवसायातली शहाणीसुरती माणसं तो स्तंभ पाहून पुढे जात होती, हे मला अजून पचत नाही.

बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य आणि मेंदूविज्ञानाच्या संस्थेच्या चाचण्यांतही वय, लिंग आणि शिक्षणाप्रमाणे वेगळे तक्ते आहेत. शिक्षणाचं मला पटतं. ते माणसाच्या आयुष्यात खरोखर घडलेलं असतं. आपल्याकडे कुणी जातीनुसार तक्ते काढले असते, तर आपण ते कुठल्या तोंडाने वापरले असते?

संध्याकाळी दोघांना समोर बसवून मी सगळं सांगितलं. त्यांनी सीटीईबद्दल, म्हणजे डोक्याला वारंवार मार बसून होणाऱ्या मेंदूच्या आजाराबद्दल विचारलं. तो आजार मृत्यूनंतर मेंदू तपासूनच पक्का ठरतो, त्यामुळे मला ते नाव लिहिता येणार नव्हतं, तसं मी सांगितलं. पत्नींचं लक्ष त्या दोन आकड्यांवरच होतं.

“डॉक्टर, म्हणजे हे पहिल्यापासूनच असे होते, असं त्यांनी धरलं?”

“हो. जवळजवळ तसंच.”

त्या बराच वेळ बोलल्या. घरातले हिशेब पूर्वी हेच ठेवायचे, करार स्वतः वाचून सही करायचे, मुलांना गणित हेच शिकवायचे. मी तो मजकूर शब्दशः अहवालात घेतला. इतका ठोस पुरावा माझ्या कुठल्याच तक्त्यात नव्हता.

मला अजून सुटत नाही ते वेगळंच. मुलांकडे राहायला आलेले मराठी आजी-आजोबा माझ्याकडे स्मृतीच्या तपासणीला येतात. चौथीपर्यंत शिकलेल्या, इंग्रजी न येणाऱ्या आजींना अमेरिकन तक्त्यात बसवलं तर त्या उगाचच आजारी ठरतील. तिथे मलाही वेगळा तक्ता हवाच असतो. शाळा किती, भाषा कुठली, आयुष्यभर काम काय केलं, हे विचारून तो करायला वेळ आणि पैसा लागतो. वंशाच्या रकान्यात फक्त एक खूण करावी लागते. हल्ली मी प्रत्येक अहवालाला कच्चे गुण, वापरलेल्या तक्त्याचं नाव आणि तोच का निवडला याचं कारण जोडते. वाचणाऱ्याला ते पान जास्तीचं वाटलं तरी जोडते.