मधली खाच

रात्रीचे साडेअकरा. भरीत-पुरी जरा जास्तच झाली, पण झोप त्यामुळे गेलेली नाही.

आज क्लबात तीन नवे सभासद आले. डॉक्टरीणबाईंचं नाव मीच सुचवलेलं, म्हणजे रोटरीची चक्राची पिनही मीच लावायची. ऐन वेळी अवघडलो आणि त्यांच्या सासूबाईंनाच स्टेजवर बोलावलं. त्यांनी पदराला टोचावी तशी झटकन टोचली, चक्र जरा तिरकंच बसलं. टाळ्या, फोटो. तेवढ्यात डॉक्टरीणबाई हळूच म्हणाल्या, "काका, मधे ही चौकोनी खाच कशाला हो?"

मी म्हटलं, "डिझाइन आहे ते."

डिझाइन! एकोणीस वर्षं रोटरीची पिन कोटावर मिरवतोय. दात चोवीस, आरे सहा; स्थापना १९०५, शिकागो, पॉल हॅरिस; भाषणात सगळं घडाघडा. आणि धंदा काय? मोटारी आणि पुल्या. परवाच फैजपूरचा गिरणीवाला आला, मोटार घुमतेय पण जातं हलेना म्हणून. की, म्हणजे पुलीला शाफ्टशी जखडणारी खाचेतली लोखंडी पट्टी, कातरली होती. शाफ्ट फिरतोय, पुली जागच्या जागी. पुली हातात आली की मी आधी खाच चाचपतो. छातीवरची मात्र…

घरी येऊन भिंग लावलं. तीच खाच, कीची. नव्या सभासदांच्या पुस्तिकेत दीड ओळ आहे: आधीच्या चक्रात ती नव्हती, शाफ्टवर ते नुसतंच फिरलं असतं, म्हणून १९२४ मध्ये घातली.

मला हे कुणी सांगितलंच नाही. का सांगितलं होतं? माझी पिन अण्णांनी लावली, तेव्हा काहीतरी बोलत होते खरे. मी फोटोवाल्याकडे बघत होतो. आता विचारायचं कुणाला. असो.

वर्गणी वेळेवर भरतो. पोलिओच्या बूथवर दोनदा जाऊन बसलो. वह्यावाटपाच्या बॅनरवर दरवर्षी फोटो असतो. मोटार घुमतेय खरी.

"काय व्हयनं? दिवा बंद करा ना," हिने हाक मारली. मग सगळं सांगितलं, भिंगासकट दाखवलं. हिने पिन उलटसुलट करून पाहिली.

"ही तर नुसती खाच. की कुठंय?"

हसूच आलं. खरंच, की नाहीच त्यात.

उद्या दुकान उघडायच्या आधी डॉक्टरीणबाईंना फोन करायचा. आणि पिनची मागची फिरकी सैल झालीय, तीही पकडीने दाबून घ्यायची.