दिवा हिरवा आहे, पण डीबीएम किती?

पुण्यात फायबरच्या देखभालीचे काम करणाऱ्या आम्हा लोकांचा बराचसा वेळ तुटलेली केबल जोडण्यात जातो. मेट्रोचे काम, जलवाहिनी, मलनिस्सारण वाहिनी, असे काही ना काही कोणत्या तरी रस्त्यावर चालूच असते, आणि जेसीबीचा दात डक्टमध्ये, म्हणजे केबलच्या जमिनीखालच्या नळीत, शिरला की त्या भागातली सगळी कनेक्शने एका क्षणात बंद पडतात. केबल जोडून ग्राहकाच्या ओएनटीवरचा (घरातल्या फायबर मोडेमवरचा) दिवा हिरवा झाला की काम संपले, असे सर्रास मानले जाते. हे मला अजिबात मान्य नाही. प्रकाश पोहोचतो आहे एवढेच तो दिवा सांगतो. किती पोहोचतो आहे ते पॉवर मीटर डीबीएम या एककात सांगतो, आणि तो आकडा कुठे लिहून ठेवला नसेल तर दुरुस्ती नीट झाली की नाही, हे कोणालाच ठरवता येत नाही.

एका फायबरचा प्रकाश अनेक घरांत वाटणाऱ्या जीपॉन जाळ्याचा हिशेब मांडून पाहू. ओएलटीतून (कंपनीच्या टोकाच्या यंत्रातून) 1490 नॅनोमीटर तरंगलांबीचा प्रकाश समजा 3 डीबीएमने, म्हणजे 2 मिलिवॉट शक्तीने निघाला. नेहमीच्या वापरातला ओएनटी उणे 27 डीबीएमपर्यंतचा, म्हणजे 2 मायक्रोवॉटपर्यंतचा प्रकाश वाचू शकतो. हजार भागांतला एक भाग पोहोचला तरी काम चालते. वाटेतली घट डीबीत मोजतात; दर 10 डीबीला शक्तीचा दहावा भाग उरतो. त्यातला सर्वांत मोठा वाटा प्रकाश 32 वाटांत विभागणारा 1:32 स्प्लिटर घेतो, सुमारे 17 डीबी. पाच-सहा किलोमीटर काचेत जेमतेम दीड डीबी जाते, आणि कनेक्टर व जॉइंट मिळून आणखी दीड-दोन डीबी. घरात उणे 17 किंवा उणे 18 डीबीएम मिळाले, तर नऊ-दहा डीबीची शिल्लक हाताशी राहते.

ती शिल्लक एकदम संपत नाही, म्हणूनच तिच्याकडे दुर्लक्ष होते. जवळ लूप (जादा केबलचे वेटोळे) सोडलेला नसेल तर तुटलेल्या जागी नवा तुकडा घालावा लागतो, म्हणजे एका तुटीमागे दोन जॉइंट वाढतात. चांगल्या फ्यूजन (काच वितळवून केलेल्या) जॉइंटचा लॉस, म्हणजे घट, 0.05 डीबीच्या आसपास असतो, पण फायबर कापणाऱ्या क्लीव्हरचे पाते झिजलेले असेल किंवा भर पावसात छत्रीखाली घाईने जोडणी झाली असेल, तर तो कितीतरी पटींनी वाढतो. शिवाय जीपॉनमध्ये त्रुटी जागच्या जागी दुरुस्त करण्याची सोय असल्यामुळे सिग्नल खालावत असताना ग्राहकाला काहीच जाणवत नाही, आणि एका मर्यादेपलीकडे गेल्यावर लाइन अचानक अडखळू लागते. तेव्हा राउटर बदलला जातो, आणि दोष मात्र रस्त्याखालच्या चेंबरमध्येच राहतो.

दोष शोधताना ओटीडीआर (फायबरमध्ये प्रकाश सोडून परत येणाऱ्या प्रकाशावरून दोषाचे अंतर दाखवणारे यंत्र) एकाच तरंगलांबीवर चालवून थांबू नये, असे मी आग्रहाने सांगेन. वाकलेल्या फायबरचा लॉस 1310 पेक्षा 1550 नॅनोमीटरवर ठळकपणे जास्त दिसतो, तर खराब जॉइंटचा लॉस दोन्हीकडे जवळपास सारखा असतो. म्हणजे डक्ट उघडण्यापूर्वीच सोसायटीच्या शाफ्टमध्ये कोणी केबल टायने लूप आवळला आहे की जॉइंट बिघडला आहे, याचा अंदाज येतो. ओटीडीआरवरचे अंतर हे काचेचे अंतर असते, रस्त्याचे नव्हे. केबलमधल्या ट्यूबमध्ये फायबर केबलपेक्षा थोडे लांब असते आणि प्रत्येक चेंबरमध्ये लूप गुंडाळलेले असतात. लूपची नोंद नसेल तर चुकीच्या जागी खोदाई होते, आणि ती करताना शेजारची केबल तुटण्याचा धोका वेगळाच. खोदणाऱ्याने आधी विचारावे यासाठी मार्च 2023 मध्ये केंद्र सरकारने ‘कॉल बिफोर यू डिग’ हे ॲप सुरू केले, ते प्रत्येक ठेकेदाराच्या फोनमध्ये असायला हवे.

कनेक्टरबद्दल थोडेच लिहितो, कारण नियम साधे आहेत. सिंगल मोड फायबरचा गाभा सुमारे 9 मायक्रॉनचा असतो, त्यामुळे डोळ्यांना न दिसणारा धुळीचा कणही तो झाकू शकतो. शर्टाच्या बाहीने टोक पुसू नये, क्लीनर वापरावा. तिरक्या टोकाचा हिरवा एपीसी कनेक्टर सरळ टोकाच्या निळ्या यूपीसीला जोडू नये. आणि चालू फायबरच्या टोकात डोकावून पाहू नये, कारण तो प्रकाश दिसत नाही पण डोळ्याला इजा करू शकतो.

पावसाळ्यात चेंबर पाण्याने भरतात. जॉइंट क्लोजरचे (जॉइंट झाकणाऱ्या डब्याचे) सील नीट बसलेले नसेल तर ओलावा आत राहतो आणि ताणाखाली असलेल्या काचेतल्या सूक्ष्म भेगा हळूहळू वाढत जातात. असा जॉइंट त्याच वर्षी तुटेल असे नाही, पुढच्या उन्हाळ्यातही तुटू शकतो, आणि तेव्हा पावसाची आठवण कोणाला होत नाही. म्हणून क्लोजरची तपासणी मे महिन्यातच उरकावी.

माझ्याबरोबर काम करणाऱ्या मुलांना मी प्रत्येक इमारतीच्या फायबर बॉक्समध्ये एक कागद ठेवायला लावतो. कनेक्शन सुरू झाले त्या दिवशीचा डीबीएम, त्यानंतरच्या प्रत्येक दुरुस्तीची तारीख, जागा, आधीचा आणि नंतरचा आकडा, एवढेच त्यावर लिहायचे. पहिल्या आकड्यापेक्षा दोन डीबीची घट दिसली, तर ग्राहकाची तक्रार नसली तरी ती लाइन तपासायला घ्यायची. सोसायटीच्या समित्यांनीही दुरुस्तीनंतर सही करण्यापूर्वी हा आकडा मागावा.